उपडी बादली

खुर्चीवालीच्या खोलीला दार होतं आणि दाराला आतून कडी होती. यात सांगण्यासारखं काय आहे, असं ज्यांना वाटेल त्यांनी जन्मभर आपापल्या दाराआड निवांत झोपा काढलेल्या असणार. तिने काढल्या नव्हत्या. साठी जवळ येईपर्यंत ती धाकट्या भावाच्या घरी बोळात झोपली. बोळ म्हणजे पुढची खोली आणि स्वयंपाकघर यांच्यामधली जागा. तिथे एक खाट कशीबशी मावायची आणि खाटेच्या वर भिंतीतलं कपाट होतं. कोणाला टॉवेल हवा, कोणाला डोकेदुखीची गोळी हवी, कोणाला गेल्या वर्षीची छत्री आठवली, की तो येऊन तिच्या अंगावरून हात लांब करून कपाट उघडायचा. वाईट कोणीच नव्हतं. भाचा तर "आत्या, जरा सरक ना गं" असं लाडात म्हणायचा. पण तिची झोप त्या घरात सगळ्यांच्या मालकीची होती आणि तिचा स्वतःचा त्यात सर्वांत कमी वाटा होता.

काम ती वेताचं करायची. खुर्च्यांच्या बैठका खचतात, फाटतात, मधोमध भोक पडतं. त्या ती उसवून पुन्हा विणून द्यायची. धंदा वडिलांचा. भावाने तो घेतला नाही, हिने घेतला. "लोकांच्या बुडाची काळजी वाहते मी, माझ्या तोंडाशी त्यांना काय करायचंय," असं म्हणायची आणि स्वतःच हसायची. तोंड तिचं फटकळ होतं. त्यामुळे लग्न झालं नाही, की लग्न झालं नाही म्हणून तोंड तसं झालं, यावर नातेवाइकांत एकमत नव्हतं.

घर सोडायला निमित्त अगदीच फुसकं झालं. पाहुणे आले होते. भावजयीने ओळख करून दिली, "ह्या ह्यांच्या मोठ्या बहीण. आमच्याकडेच असतात." पाहुणे बरं बरं म्हणाले आणि चहा पिऊन गेले. हिने कप गोळा केले, विसळले, त्या घराच्या शिस्तीप्रमाणे ओट्यावर उपडे घातले, आणि विसळता विसळता ते 'असतात' तिच्या घशात अडकलं. आईला शेवटपर्यंत उचललं-बसवलं तिने. भाचा तिच्या मांडीवर वाढला. आणि एवढं करून ती काय, तर असते. भिंतीत कपाट असतं, त्याखाली ती असते.

त्यानंतर काही आठवड्यांनी तिने वेताचे भारे, सुऱ्या, आऱ्या आणि अंथरूण एका हातगाडीवर घातलं.

"ताई, लोक काय म्हणतील?" भाऊ म्हणाला. त्याला सुका खोकला होता. काही अवघड बोलायचं असलं की आधी खोकायचा.

"विचारून ये त्यांना, मग मला सांग."

"आम्ही काय कमी केलं तुला?"

 कमी काहीच केलं नव्हतं, हीच तर अडचण होती. मारहाण झाली असती, उपाशी ठेवलं असतं, तर लोकांना सांगता तरी आलं असतं. मला दाराला कडी हवी, एवढ्यासाठी भावाचं घर सोडलं म्हटल्यावर कोण तिची बाजू घेणार? कोणी घेतली नाही. तीही कोणाकडे मागायला गेली नाही.

गावाबाहेर काचेचा एक कारखाना होता. बंद पडून जमाना झाला होता. त्याच्या मागच्या अंगाला पहारेकऱ्यांसाठी बांधलेल्या खोल्यांची एक रांग होती, आणि ज्यांना दुसरीकडे कुठे राहायचं नव्हतं किंवा कुठे राहू देत नव्हते अशी माणसं त्यात राहायची. जमीन सगळी काचेच्या कणांनी भरलेली. चप्पल घातल्याशिवाय पाऊल टाकता यायचं नाही, म्हणून कुत्रीसुद्धा जपून चालायची. पलीकडे गावाचा कचरा पडायचा. वारा फिरला की वास यायचा, आणि वारा त्या बाजूला जरा जास्तच फिरायचा. पण खोलीच्या भिंती जाडजूड होत्या, दार सागवानी होतं, आणि पहिल्या रात्री तिने कडी लावली, काढली, पुन्हा लावली. मग दिवा न विझवताच झोपून गेली.

तिथल्या माणसांची एक रीत होती. कोणी सुरू केली कोणाला माहीत नव्हतं. सगळेच एकेकटे. कोणी कोणाच्या खोलीत जायचं नाही, कुठून आलात म्हणून विचारायचं नाही, आजारी दिसलात म्हणायचं नाही. पण एकट्या माणसाचं काही सांगता येत नाही, हेही सगळ्यांना पक्कं ठाऊक होतं. म्हणून प्रत्येकाची एक बादली दाराबाहेर पायरीवर असायची. संध्याकाळी पाणी भरून झालं की रिकामी बादली पायरीवर सुलटी ठेवायची. सकाळी उठलं की ती उपडी करायची. बस. बादली उपडी म्हणजे आतलं माणूस उठलंय, हिंडतंफिरतंय, त्याच्या वाटेला जायचं कारण नाही. दुपारपर्यंत बादली सुलटीच दिसली, तर जाऊन दार ठोकायचं आणि उघडलं नाही तर तोडायचं. नमस्कार नाही, चौकशी नाही, उपकार नाही. खुर्चीवालीला ही रीत इतकी आवडली की पहिल्याच आठवड्यात तिने पत्र्याची नवी बादली आणली.

हळूहळू रांग रिकामी होत गेली. कोणी गेले, कोणी दुसरीकडे गेले. शेवटी दोन बादल्या उरल्या. एक हिची आणि दुसरी रांगेच्या पार टोकाला धारवाल्याची.

धारवाला चाकाची गाडी ढकलत गावभर फिरून सुऱ्या-कात्र्यांना धार लावायचा. जन्मभर त्या चाकाची किरकिर ऐकून त्याचे कान गेले होते. अगदी तोंडाशी जाऊन ओरडावं तेव्हा त्याला कळायचं, आणि तेही अर्धंच. उजाडता उजाडता निघायचा, दुपारी जेवायला परत यायचा, रस्त्यावरूनच हिच्या पायरीकडे एक नजर टाकायचा आणि आपल्या खोलीकडे वळायचा. तिच्या सुऱ्यांना तो धार लावून द्यायचा, ती त्याच्या बसायच्या पाटाला वेत भरून द्यायची. फिट्टंफाट. एकदा ती तापात असताना त्याने तिच्यासाठी गावातून भाजी आणली, तर तिने दुसऱ्या दिवशी तेवढीच भाजी त्याच्या पायरीवर नेऊन ठेवली. त्याला राग आला नाही. त्यानेही तेच केलं असतं.

अशी काही वर्षं गेली, आणि खरं सांगायचं तर ती सुखात होती. हात दुखायचे, हिवाळ्यात गुडघे धरायचे, महिनोन्महिने कोणाशी धड चार वाक्यं बोलणं व्हायचं नाही. पण सुखात होती. हे तिच्या नातेवाइकांना कळलं असतं तर त्यांना फार वाईट वाटलं असतं.

मग भाच्याचं लग्न ठरलं. मुलीकडच्यांनी चौकश्या केल्या. करणारच. त्यात कोणीतरी विचारलं, म्हणे मुलाची आत्या कचऱ्यापाशी राहते, ती का? डोक्यावर परिणाम आहे का? की तुम्ही हाकलून दिलं? भावजयीला हे फार लागलं. आयुष्यभर घर लख्ख ठेवणारी बाई ती, तिच्या घराला असा डाग लागलेला तिला कसा चालेल? तेव्हापासून भावाच्या फेऱ्या सुरू झाल्या. आधी एकटा यायचा, दाराबाहेर खोकायचा, उंबऱ्यावर उभं राहून बोलायचा.

"लग्नापुरती तरी चल. नंतर बघू."

"नंतर काय बघणार?"

"आता तुझं वय झालं, ताई."

"माझं वय झालं की तुझ्या व्याह्यांना माझं वय दिसलं?"

एकदा तर ती आत असून तिने दार उघडलंच नाही. तो बराच वेळ उभा राहिला, "कुलूप नाही म्हणजे आत आहेस तू," असं दाराला सांगितलं आणि निघून गेला. त्या दिवशी तिला वाटलं, जिंकले. दुसऱ्या दिवशी मात्र दोन वेळा वीण चुकली.

आणि मग ती सकाळ. झुंजुमुंजू झालं होतं, दार अजून उघडलेलं नव्हतं. वेत भिजत घालायचं घमेलं रात्री कुठेतरी झिरपलं होतं आणि फरशी ओली होती. तिला ते अंधारात दिसलं नाही. वरच्या फळीवरून वेताचा भारा काढायला ती स्टुलावर चढली, स्टूल सरकलं, आणि ती खुब्यावर आपटली. काहीतरी मोडल्याचा आवाज तिने स्वतःच ऐकला. वेत मोडताना होतो तसाच, पण जाड. काही वेळ तिला डोळ्यांपुढे काही दिसेना. मग दिसायला लागलं. दार समोर होतं, कडी लावलेली होती, आणि कडी तिच्या हातापासून फार उंच होती. सरपटायचा प्रयत्न केला तर तोंडातून असा आवाज निघाला की तिला तो आपला आहे हेच पटेना.

पण ती घाबरली नाही. का घाबरेल? बादली सुलटी होती. धारवाला उजाडताना निघून गेलेला असणार, त्या वेळी बादली सुलटी असली तरी काही विशेष नाही. दुपारी येईल, बघेल, दार ठोकेल, तोडेल. काही विचारणार नाही. पाय फळकुटाला बांधेल, गाडीवर घालेल, दवाखान्यात नेऊन सोडेल, आणि ती बरी होऊन परत आली की त्याच्या सगळ्या खाटा-पाट विणून देईल. दुपारपर्यंत दम धरायचा, एवढंच. दातांत पदर धरून ती पडून राहिली.

ऊन दाराच्या फटीतून आत आलं तेव्हा बाहेर काचा करकरल्या. दोघांची पावलं होती. मग खोकला ऐकू आला.

"ताई."

तिने श्वास धरला.

"ताई, उघड गं. मी न्यायला नाही आलो. नुसतं बघून जातो."

आवाज खराच मऊ होता. लहानपणी काही मोडलं-फोडलं की अशाच आवाजात तो तिच्याकडे यायचा, आईला सांगू नकोस म्हणून. तिच्या तोंडाशी हाक आली. जिभेवर आली, ओठ उघडले.

"नुसतं बघून काय जाताय?" भावजय म्हणाली. दबकं बोलली, पण दाराआडून सगळं ऐकू येत होतं. "दार उघडलं की कपडे भरूनच घ्या. परवा ती मंडळी यायची आहेत. बोळातली खाट मी मोकळी करून ठेवलीय."

ओठ मिटले.

इथे कोणीही शहाणा माणूस म्हणेल, हाक मारायला काय धाड भरली होती? हाड मोडलंय, भाऊ दाराशी उभा आहे, कसला मान आणि कसलं काय. बरोबर आहे. पण शहाण्या माणसांनी कधी कपाटाखाली झोपून पाहिलेलं नसतं. तिला स्वच्छ दिसलं की आता आपण हाक मारली, की ते दार तोडतील, आपल्याला असं जमिनीवर लोळागोळा झालेलं बघतील, आणि मग जन्मात कोणी आपल्याला एकटं राहू देणार नाही. म्हणतील, बघ, सांगितलं नव्हतं? आणि त्यांचं बरोबर असेल. धारवाला दुपारी येणारच होता. त्याच्या हाती पडलो तर मोडलं ते नुसतं हाड, यांच्या हाती पडलो तर सगळंच मोडेल. तिने मूठ तोंडात घातली आणि चावली.

बाहेर दार वाजत राहिलं. "आत आहे ती. कुलूप नाही," भाऊ म्हणाला.

"मग उघडत का नाहीत?"

"रुसलीय. मागे पण असंच केलं होतं." तो पुन्हा खोकला. "चल, राहू दे."

पावलं वळली, थांबली. भावजय म्हणाली, "बघा, बादलीच्या तळाशी पाणी साठलंय, त्यात किडे पडलेत. कसं बाई हे राहणं." पाणी काचांवर ओतल्याचा आवाज आला. मग पायरीवर टण् असा आवाज झाला. पत्रा दगडावर उपडा बसतो तेव्हाच तसा आवाज होतो, आणि तो आवाज ती रोज सकाळी स्वतः करत होती.

तिला पहिल्यांदा तो समजलाच नाही. समजला तेव्हा ती ओरडली. "अगं, नको! सुलटी कर ती! सुलटी कर!" पण मुठीने तोंड कोरडं पडलं होतं, आवाज घशातच फाटला, आणि काचांवरची पावलं दूर गेली होती. तोवर दोघं रस्त्याला लागली होती.

दुपारी धारवाल्याच्या गाडीचं चाक करकरत आलं. ती पुन्हा ओरडली. भावासाठी जो आवाज गिळला होता तो सगळा तिने बहिऱ्या माणसासाठी बाहेर काढला. हाताला लागलं ते दारावर फेकलं. गाडी क्षणभर थांबली. रस्त्यावरून त्याने नेहमीप्रमाणे पायरीकडे पाहिलं असणार. बादली उपडी. बाई उठल्यात, कामाला लागल्यात. गाडी पुढे गेली.

तो दिवस, ती रात्र आणि दुसरा दिवस कसा गेला ते ती कधी कोणाला सांगत नाही, आणि आपणही उकरून काढू नये. घमेल्यात वेत भिजायचं पाणी होतं, ते ती प्यायली. दुसऱ्या संध्याकाळी धारवाल्याच्या लक्षात आलं की काल संध्याकाळीही ही बादली उपडी होती, आजही उपडीच आहे. त्याने दार तोडलं. काही विचारलं नाही. तिने ठरवलं होतं अगदी तसंच त्याने पाय फळकुटाला बांधला आणि गाडीवर घातली, फक्त उशिरा.

दवाखान्यात विचारलं, "नातेवाईक कोण?" धारवाला म्हणाला, "शेजारी." शेजारी चालत नव्हता. सही करायला रक्ताचं माणूस हवं होतं. तिने भिंतीकडे तोंड करून भावाचं नाव सांगितलं. डॉक्टर म्हणाले, लगेच आणलं असतं तर बात वेगळी होती. आता काठीशिवाय चालणं नाही, आणि काठी घेऊनही फार नाही. कधी पडलात विचारलं तर ती "सकाळी" एवढंच म्हणाली. भावाला वाटलं, आपण येऊन गेलो त्यानंतर पडली. भावजयीलाही तसंच वाटलं. ती हळहळली. "थोडा आधी रुसवा सोडला असता, ताई, तर आमच्याबरोबर घरी असता की हो."

अशी ती बोळात परत आली. खाट तीच, कपाटही तेच. मुलीकडची मंडळी पुन्हा येऊन गेली, त्यांनी तिला पाहिलं, पायाला पाहिलं, आणि भावजयीचं तोंडभरून कौतुक केलं. कौतुक खोटं नव्हतं. ती वेळेवर जेवण द्यायची, अंग पुसायची, चादर बदलायची. कपाट उघडताना आता "सॉरी हं ताई" असंही म्हणायची. खुर्चीवालीने तिच्यावर राग धरायचा पुष्कळ प्रयत्न केला, पण राग धरायला बोटभरसुद्धा जागा ती बाई ठेवत नव्हती.

लग्न झाल्यावर एकदा धारवाला आला. हातात तिच्या आऱ्या-सुऱ्यांची पिशवी होती आणि तिची बादली होती. खोलीत दुसरं कोणी राहायला आलं होतं. त्याने बादली बोळाच्या तोंडाशी ठेवली आणि खाटेशेजारी स्टुलावर अवघडून बसला. भावजयीने चहा आणला. भाऊ पुढच्या खोलीत पेपर वाचत होता.

धारवाला बहिऱ्या माणसांसारखं मोठ्याने बोलायचा. "एकच खटकतंय, बाई. बादली उपडी होती. उपडी करून आत गेलात आणि मग पडलात, तर मग संध्याकाळी सुलटी नाही, तेव्हाच मला कळायला हवं होतं. मी म्हटलं, भावाकडे गेल्या असतील लग्नाला. चुकलं माझं."

"तुमचं काही चुकलं नाही," ती म्हणाली. त्याला ऐकू गेलं नाही.

"बादली होय?" भावजय हसून म्हणाली. "अहो, ती मीच उपडी केली. पाणी साठलं होतं घाण."

"काय म्हणता?"

"म्हटलं, मी केली उपडी!"

"कोणी?"

"मी! मी! आम्ही आलो होतो ना त्या दिवशी सकाळी, दार वाजवून वाजवून हात दुखले, तेव्हा!" पुढच्या खोलीपर्यंत जाईल एवढ्या मोठ्याने तिला ते सांगावं लागलं. वर ती म्हणाली, "भांडं असं उघड्यावर सुलटं ठेवू नये हो."

धारवाला कप हातात धरून बसून राहिला. त्याचं डोकं सावकाश चालायचं, पण चुकीच्या वाटेने जायचं नाही. "म्हणजे तुम्ही आलात तेव्हा ती सुलटी होती," तो म्हणाला. "सुलटी म्हणजे बाई उठून बाहेर आल्याच नव्हत्या." आणि मग त्याने ती सगळी रीत सांगितली. संध्याकाळी सुलटी, सकाळी उपडी, उपडी दिसली की आत कोणी डोकवायचं नाही, आणि ती करायची आतल्याच माणसाने. भावजयीला वाटलं म्हातारा काहीतरी गावंढळ भानगड सांगतोय, ती कप उचलायला वाकली. पण पुढच्या खोलीतला पेपर खाली आला होता. भाऊ बोळाच्या तोंडाशी येऊन उभा राहिला.

"ताई, आम्ही आलो तेव्हा तू पडलेली होतीस?"

तिने पायावरची चादर सारखी केली.

"शुद्ध नसेल तुला," तो म्हणाला. घाईने म्हणाला, एखाद्याला वाट दाखवावी तसं. "डोक्याला मार लागला असेल. बेशुद्ध असशील."

हो म्हणायचं होतं, एवढंच. मान हलवली तरी पुरे होतं. तो तिच्याकडे ज्या डोळ्यांनी बघत होता ते तिने लहानपणापासून ओळखले होते. आईला सांगू नकोसचे डोळे ते. एका होकाराने त्याचं घर, त्याची बायको, त्याची ती सकाळची फेरी, सगळं शाबूत राहिलं असतं. तिने आयुष्यभर त्याच्या मोडक्यातोडक्या गोष्टी झाकल्या होत्या. पण आता तिच्याकडे स्वतःचं म्हणून एवढं एकच उरलं होतं. खोली गेली, दार गेलं, पाय गेला. ती गप्प राहिली होती ती शुद्धीत, स्वतःच्या मर्जीने, हे एवढंच तिचं होतं, आणि तेही त्या कपाटात टाकायला तिचा जीव होईना.

"शुद्ध होती," ती म्हणाली. "तू दोनदा खोकलास तेसुद्धा ऐकलं."

भावाने बायकोकडे पाहिलं, मग जमिनीकडे पाहिलं. खोकला आला तो त्याने दाबला. "माझ्या हाती पडण्यापेक्षा," तो म्हणाला, आणि पुढचं वाक्य त्याने पूर्ण केलं नाही. पेपर घेऊन तो घराबाहेर निघून गेला. धारवाल्याने उरलेला चहा संपवला, कप स्वतःच नेऊन मोरीत ठेवला आणि जाताना तिच्याकडे बघून मान हलवली. त्या मान हलवण्यात काय होतं ते तिला कळलं. त्यानेही तेच केलं असतं. पुढे तो कधी आला नाही. आला नाही म्हणजे त्याला राग आला असं नव्हे, ती त्याची रीतच होती.

भाऊ त्यानंतर बोळात येईनासा झाला. टॉवेल, गोळ्या, छत्री, सगळं त्याने हळूहळू आपल्या खोलीत हलवलं. बाकीच्यांनीही त्याचं बघून कपाट उघडायचं सोडलं. आता तिच्या अंगावरून कोणी हात लांब करत नाही, तिची झोप कोणी मोडत नाही. एकटं राहायचं होतं ना, मग मिळालं.

बादली मात्र तिथेच आहे, बोळाच्या तोंडाशी. भावजय संध्याकाळी तिच्यात पाणी घेऊन फरशी पुसते आणि, पुसायचीच बादली ती, सुलटी ठेवून जाते. सकाळी कामाला निघताना भाऊ तिथे थांबतो. आत बघत नाही. वाकतो, बादली उपडी करतो आणि जातो. एकही सकाळ चुकवत नाही. ती उपडी करायची असते आतल्या माणसाने, हे धारवाल्याने त्याच्यासमोर नीट समजावून सांगितलं होतं, आणि ते त्याला पुरतं कळलेलं आहे. खुर्चीवाली जागीच असते. तो टण् आवाज ती रोज ऐकते, त्याच्या आधीचा खोकलाही ऐकते, आणि हाक मारत नाही.